इवो जिमा, १:१०,००० – प्रकल्प नोंदी

४ जानेवारी २०२५

ठरलं एकदाचं, या वेळी विमान नाही रणगाडा नाही, प्रशांत महासागरातलं जपानचं अख्खं बेट करायचं. इवो जिमा. उन्हाळ्याच्या सुट्टीत आमच्या ग्रुपचं मॉडेल प्रदर्शन असतं, त्यातलं माझं टेबल पूर्ण बेटालाच द्यायचं. ग्रुपवर टाकलं तर पहिला रिप्लाय "वा, झेंडावालं!" आणि त्याखाली अंगठे. म्हणजे बघा, १९ फेब्रुवारी ते २६ मार्च १९४५ असे ३६ दिवस तिथं अमेरिका आणि जपानची लढाई चालली, दोन्हीकडची मिळून पंचवीस हजारांच्या आसपास माणसं गेली, आणि लोकांच्या लक्षात राहिला तो पाचव्या दिवशीचा, अमेरिकन सैनिक डोंगरावर झेंडा उभारतानाचा एक फोटो. भांडण रनवेवरून होतं राव. म्हणून या मॉडेलमध्ये रनवे ठळक दाखवणार आणि बाकी सगळं त्यांच्या हिशोबानं.

स्केलचं गणित आजच केलं. बेट साधारण ८ किमी लांब, सगळ्यात रुंद जागी ४ किमी, तंगडीच्या आकाराचं. १:१०,००० घेतलं की ८० बाय ४० सेंमी, टेबलावर आरामात बसतं. पंचाईत उंचीची आहे, सुरीबाची डोंगर १६९ मीटरचा म्हणजे या स्केलला पावणेदोन सेंमीसुद्धा नाही, लांबून सपाटच दिसेल. उंची डबल घेणार, ३ मिमी सनबोर्डचा एक थर म्हणजे १५ मीटर. हे लेबलवर लिहायलाच पाहिजे, नाहीतर कोणीतरी शहाणा पट्टी घेऊन मोजायला येतोच.

१२ जानेवारी

सॅटेलाइटवरचा उंचीचा डेटा फुकट मिळतो तो उतरवला, त्यातून समोच्च रेषा काढल्या, आणि १९४५ चा अमेरिकन लष्करी नकाशा स्कॅन करून त्यावर ठेवला. किनारा जुळेचना. नकाशाची प्रिंट ताणली गेली असेल म्हणून काकांना (खालच्या मजल्यावरचे, आयुष्यभर सर्व्हेच्या नोकरीत होते) दाखवलं. त्यांनी रनवेची टोकं पकडून दोन्ही नकाशे फिट केले आणि म्हणाले, "अरे स्केल बरोबर आहे, बेटच मोठं झालंय."

आणि खरंच तसं आहे. हे बेट म्हणजे जिवंत ज्वालामुखीचा माथा, सतत वर येतोय. युद्धाच्या वेळी क्षेत्रफळ २०-२१ चौरस किमी होतं, आता जवळजवळ ३०. लढाईनंतर अमेरिकेनं पश्चिम किनाऱ्याला धक्का करायचा म्हणून जुनी जहाजं मुद्दाम बुडवली होती, ती आता वाळूत उघडी पडलीत. ज्या पाण्यातून मरीन्स (समुद्रातून उतरून लढणारे अमेरिकन सैनिक) चालत आले तिथं आज कोरडी जमीन आहे. म्हणजे आजचा डेटा घेऊन मॉडेल केलं तर बीच समुद्रापासून भलत्याच लांब जाणार. काका म्हणाले, "आम्ही जमीन हलत नाही असं धरूनच कामाला सुरुवात करायचो, इथं तुझी सुरुवातच गंडली." तर निर्णय असा की बेस मॉडेल १९४५ चंच, जुन्या नकाशावरून हातानं ट्रेस करायचं. आजची किनाररेषा वेगळ्या पारदर्शक शीटवर काढून वरून ठेवता येईल, ते शेवटी बघू.

जुन्या नकाशावर टेकड्यांची नावं म्हणजे फुटातली उंची, हिल ३८२, हिल ३६२. त्यामुळे थर मोजायला सोपं गेलं, ३८२ फूट म्हणजे ११६ मीटर म्हणजे आपले आठ थर.

२५ जानेवारी

लेसर कटिंगवाल्यानं सगळे थर उलटे कापून दिले, आरशातल्यासारखे. फाइल दाखवली तर म्हणे शीट पलटून वापरा की साहेब. पलटली तर खुणांचे आकडे खाली जातात ना. वाद घालण्यात अर्थ नव्हता, पैसे आधीच दिले होते. आकडे परत पेननं लिहिले.

२ फेब्रुवारी

थर चिकटवून झाले, फेविकॉल आणि वर पुस्तकांची थप्पी. आता पहिल्यांदा बेट हातात आल्यासारखं वाटतंय, आणि जे नकाशात वाचून कळत नव्हतं ते बोट फिरवल्यावर कळतं. दक्षिण टोकाला सुरीबाची एकटाच उभा, मग अरुंद मान, मग हळूहळू चढत जाणारं उत्तरेचं मोतोयामा पठार. उतरता येईल असे लांब बीच फक्त मानेच्या दोन बाजूंना. म्हणजे आग्नेय किनाऱ्यावर जो उतरेल त्याच्या डाव्या हाताला डोंगर, उजव्या हाताला पठार, दोन्हीकडून तोफा. साडेतीन हजार यार्डांचा बीच, म्हणजे माझ्या मॉडेलवर ३२ सेंमी, त्यावर पहिल्याच दिवशी सुमारे तीस हजार माणसं उतरवली. शाळेतली पट्टी ठेवून बघितली, दोन सेंमी फक्त उरले.

जपानी सेनापती जनरल तादामिची कुरिबायाशी. हा माणूस लष्करातर्फे अमेरिकेत राहून आलेला, तिथले कारखाने डोळ्यांनी बघितलेला, त्यामुळे आपण जिंकणार नाही हे त्याला चांगलं माहीत असणार. त्यानं किनाऱ्यावर अडवायचा जुना खाक्या बऱ्याच अंशी सोडला, ओरडत अंगावर धावून जायचे बांझाई हल्ले बंद केले, आणि सगळं सैन्य जमिनीखाली नेलं. सकाळी नऊला पहिली लाट उतरली तेव्हा जवळपास शांतता. तासाभरानं बीच माणसांनी आणि गाड्यांनी गच्च भरल्यावर तोफा सुरू झाल्या. मरीन्सच्या सेनापतींनी आधी दहा दिवस युद्धनौकांचा भडिमार मागितला होता, मिळाले तीन. यावर आजही लोक तावातावानं भांडतात. माझं मत विचाराल तर दहा दिवस मिळाले असते तरी फार काही वेगळं झालं नसतं, सगळं खाली होतं ना.

९ फेब्रुवारी

वाळू. यात अख्खा रविवार गेला. तिथली वाळू काळी, ज्वालामुखीची राख, जाडसर, पाय घोट्याच्या वर रुतायचा, आणि लाटांनी तिचे पायऱ्यांसारखे कठडे केलेले, काही ठिकाणी माणसाच्या दुप्पट उंचीचे. खंदक खणावा तर बाजूची वाळू परत आत. रणगाडे, ट्रक, सगळं किनाऱ्यावरच रुतून बसलं.

पहिल्यांदा काळी रांगोळी भुरभुरली, चमकते, दिवाळीच आली. मग चुलीतली राख चाळून, ती फारच फिकट पडली. शेवटी समोरच्या साइटवरून मूठभर क्रश सँड आणली, पीठाच्या चाळणीनं चाळली (घरी कळलेलं नाही, चाळणी धुऊन जागेवर ठेवली) आणि त्यात थोडा काळा पोस्टर कलर. एकदम बरोबर बसली. बसणारच म्हणा, आपला सह्याद्रीचा दगडही लाव्हाचाच.

१६ फेब्रुवारी

भुयारं. कुरिबायाशीच्या लोकांनी सुमारे १८ किमी भुयारं खणली. १:१०,००० ला हे १ मीटर ८० सेंमी होतात. तेवढा लाल दोरा मापून कापला आणि टेबलावर टाकला, मग बेटाकडे बघितलं. ८० सेंमीच्या बेटात पावणेदोन मीटरहून जास्त दोरा कोंबायचाय, आणि तोही मुख्यतः पठाराच्या भागात. पठाराचा एक कोपरा उभा कापून ठेवलाय, तिथं थरांच्या मधून दोरा आत-बाहेर जाताना दिसेल. नेमका मार्ग मी काढणार नाही, जाळं किती दाट होतं एवढंच दाखवायचंय, लेबलवर "प्रातिनिधिक" लिहीन.

दोरा घालताना सारखं डोक्यात येत होतं की ही माणसं खणत कशी असतील. बेटाच्या नावातच गंधक, जमिनीखाली उष्णता, काही जागी ६० अंशांपर्यंत, त्यामुळे थोडा वेळ खणायचं की दुसरा गडी. आणि पाणी नाही. बेटावर एक नदी नाही की ओढा नाही, पावसाचं साठवलेलं तेवढंच. अशा जागी २१ हजारांच्या आसपास माणसं महिनोन्महिने राहिली. लढाई चालू असताना त्यातली २१६ पकडली गेली, पुढे शोधमोहिमांत आणखी काही सापडली, बाकी जवळजवळ सगळी मेली. दोघं जण तर लपून राहिले ते जानेवारी १९४९ मध्ये बाहेर आले, अमेरिकन कॅम्पातलं अन्न चोरून खात होते.

याच बेटावर बॅरन ताकेइची निशी पण मेला, १९३२ च्या लॉस एंजेलिस ऑलिम्पिकमध्ये घोडेस्वारीत सोनं जिंकलेला. इथं तो रणगाड्यांच्या रेजिमेंटचा प्रमुख होता.

२३ फेब्रुवारी

आज बरोबर ८० वर्षं झाली त्या फोटोला, आणि आजच ग्रुपवर झेंड्याचं भांडण पेटलं. एक गट म्हणतो झेंडा नसेल तर लोक ओळखणारच नाहीत. मी म्हणतो १:१०,००० ला माणूस पाव मिलिमीटरपेक्षाही छोटा होतो, झेंडा लावायचा तर बेटाच्या मानानं शंभरेक मीटर उंच लावावा लागेल, ते जास्त विचित्र.

पण खरं कारण वेगळं आहे. फोटोची गोष्ट जेवढी वाचतो तेवढी ती गुंतत जाते. सकाळी पहिला झेंडा लागला होता, तो लहान पडला म्हणून बटालियनच्या कमांडरनं मोठा पाठवला. तो दुसरा लावतानाचा फोटो, असोसिएटेड प्रेस वृत्तसंस्थेच्या जो रोझेन्थालनं काढलेला, दगड रचून त्यावर उभं राहायच्या नादात त्याच्या हातून हुकता हुकता राहिला. शेजारी बिल जेनॉस्ट नावाचा मरीन सिनेकॅमेऱ्यानं तेच शूट करत होता, तो थोड्याच दिवसांत बेटावरच्या एका गुहेत मारला गेला, मृतदेह आजवर मिळालेला नाही. फोटोतले सहा जण, त्यातले स्ट्रँक, ब्लॉक आणि सूझली बेटावरून परत आलेच नाहीत. आणि नावं तरी कुठं धड होती. ब्लॉकच्या जागी दुसऱ्याचं नाव होतं ते १९४७ मध्ये दुरुस्त झालं, २०१६ मध्ये ब्रॅडलीचं नाव काढून शुल्ट्झचं आलं, २०१९ मध्ये गॅन्यॉनच्या जागी केलर. शुल्ट्झ आणि केलर दोघंही तोपर्यंत वारलेले, आणि जिवंतपणी त्यांनी कुठं गाजावाजा केलेला नाही. केवढी विचित्र गोष्ट आहे ही, जगातल्या सगळ्यात जास्त छापलेल्या फोटोंपैकी एक, आणि त्यात कोण आहे हे ठरायला ७४ वर्षं.

त्या फोटोवर युद्धकर्जाची (युद्धासाठी लोकांकडून कर्ज उभं करायची) सातवी मोहीम उभी राहिली, २६ अब्ज डॉलर गोळा झाले, तिकीट निघालं, पुलित्झर पुरस्कार मिळाला, १९५४ मध्ये अमेरिकेत आर्लिंग्टनला त्याचाच भलाथोरला ब्राँझ पुतळा झाला. माझ्या टेबलावर त्याला परत जागा कशाला? झेंडा लागल्यावर लढाई अजून महिनाभर चालली. तर निर्णय: सुरीबाचीच्या माथ्यावर एक टाचणी, तिचं डोकं लाल, लेबलवर "२३ फेब्रुवारी", बस. ग्रुपचे नाराज आहेत, होऊ देत.

२ मार्च

रनवे लावले. तीन होते. दक्षिणेला मानेजवळ पहिला, मध्ये पठारावर दुसरा आडव्या-उभ्या पट्ट्यांचा, आणि उत्तरेला अर्धवट राहिलेला तिसरा. करड्या कार्डपेपरच्या पट्ट्या कापल्या, कडा सँडपेपरनं घासल्या, तिसऱ्याला फक्त पेन्सिलच्या तुटक रेषा.

आता इथं जरा सविस्तर लिहितो कारण लेबलचा मजकूर यातूनच येणार आहे. सायपान, टिनियन, ग्वाम या दक्षिणेकडच्या बेटांवरून अमेरिकेचे बी-२९ बॉम्बर निघायचे, टोकियो साधारण २४०० किमी आणि हे बेट बरोबर अध्येमध्ये. बेटावरच्या रडारमुळे जपानला आधीच वर्दी जायची, म्हणून बॉम्बर्सना वळसा घालून जावं लागायचं, इंधन वाया. शिवाय इथून उडालेली जपानी विमानं सायपानवर उभ्या असलेल्या बी-२९ वर हल्ले करून जायची. आणि तिसरं म्हणजे अमेरिकेला इथून पी-५१ लढाऊ विमानं सोडायची होती, बॉम्बर्सच्या सोबतीला, कारण सायपानवरून ती टोकियोपर्यंत जाऊच शकत नव्हती.

४ मार्च १९४५ ला लढाई चालू असतानाच "डायना माइट" नावाचं बी-२९ इंधन संपत आलं म्हणून पहिल्या रनवेवर उतरलं. तिथून पुढे हिशोब सुरू झाला. युद्ध संपेपर्यंत २२५१ बी-२९ उतरली, प्रत्येकात अकरा जण, म्हणजे २४,७६१ जीव वाचले, म्हणजे ६,८०० अमेरिकन मेले आणि १९ हजारांवर जखमी झाले ते वसूल. हा गुणाकार मला पहिल्यापासून खटकतो. उतरलेलं प्रत्येक विमान काय समुद्रात पडणारच होतं? पुष्कळशी इंधन भरायला, किरकोळ दुरुस्तीला, सरावाला उतरली, बेट होतं म्हणून उतरली. अमेरिकेतल्याच लष्करी इतिहासकारांनी हा आकडा फाडून काढलाय. आणि ज्या पी-५१ साठी एवढं केलं त्यांची पहिली सोबत ७ एप्रिलला झाली, पण जपानची हवाई ताकद एव्हाना खंगली होती आणि बी-२९ रात्री खालून उडून आगीचे बॉम्ब टाकायला लागली होती, त्यामुळे सोबतीचं काम अपेक्षेपेक्षा कमीच पडलं. अडचणीत आलेल्या वैमानिकाला खाली रनवे दिसल्यावर काय वाटलं असेल ते मला कळतं, त्याच्यासाठी बेट सोन्याचंच. पण तो आकडा नंतर शोधलेलं कारण आहे असं माझं स्पष्ट मत, आणि लेबलवर २२५१ लिहीन, २४,७६१ लिहिणार नाही.

लढाईचा शेवट पण रनवेपाशीच. १६ मार्चला बेट ताब्यात आल्याचं जाहीर करून झालं होतं, आणि २६ च्या पहाटे दोन-तीनशे जपानी सैनिक गुपचूप आले ते थेट वैमानिकांच्या आणि बांधकाम तुकड्यांच्या तंबूंवर, माणसं झोपेत होती.

१५ मार्च

भाची लेबलं रंगवायला आली होती. तिनं विचारलं, मामा इथं आधी कोण राहायचं? बरं झालं विचारलं, मॉडेलवर गावं नव्हतीच.

हजारेक लोकांची वस्ती होती. ऊस, गंधकाची खाण, मासेमारी, शाळा, देऊळ. जुलै १९४४ पर्यंत बायकामुलं-म्हाताऱ्यांना जहाजानं जपानला नेलं, शंभरेक पुरुषांना लष्कराच्या कामाला ठेवून घेतलं, त्यातले बहुतेक मेले. १९६८ मध्ये अमेरिकेनं बेट जपानला परत दिलं, आजूबाजूच्या बेटांवरच्या लोकांना घरी जाता आलं, यांना नाही. तिथं जपानी सेल्फ डिफेन्स फोर्सचा (म्हणजे आजच्या जपानी सैन्याचा) तळ झाला तो आजही आहे. त्या कुटुंबांना अधूनमधून कबरींना भेट द्यायला नेतात, एवढंच. म्हणजे रनवेपायी गेलेलं गाव अजून रनवेपायीच बंद.

भाचीनं पठारावर मोतोयामा गावाच्या जागी पांढऱ्या मोहरीएवढे ठिपके दिले. दुसरा रनवे त्याला जवळजवळ चिकटून येतो.

३० मार्च

काल बेटावर ८० व्या वर्षाचा संयुक्त स्मृती कार्यक्रम झाला, जपानचे पंतप्रधान इशिबा आणि अमेरिकेचे संरक्षणमंत्री हेगसेथ दोघंही होते. पदावर असताना या कार्यक्रमाला जाणारे इशिबा पहिलेच पंतप्रधान. सुरुवात १९८५ मध्ये झाली, दोन्हीकडचे म्हातारे सैनिक त्याच बीचवर भेटले आणि त्यांनी एक दगड उभा केला. त्याची एक बाजू समुद्राकडे, तिच्यावर इंग्रजी मजकूर, आणि जमिनीकडच्या बाजूला जपानी. जो जिकडून आला त्याला त्याची बाजू वाचता यावी. मला हे आर्लिंग्टनच्या पुतळ्यापेक्षा कितीतरी पटलं. मॉडेलवर त्या जागी नखाएवढा पांढरा तुकडा उभा चिकटवलाय, याला स्केल वगैरे काही नाही, असू दे.

८ एप्रिल

काल जपानचे सम्राट नारुहितो आणि सम्राज्ञी मासाको बेटावर गेले होते, स्मारकावर पाणी वाहिलं. तिथं फुलांइतकंच पाण्याला महत्त्व, तहानेनं मेलेल्यांसाठी.

पारदर्शक शीट झाली. ओएचपी शीटचे दोन तुकडे जोडले, त्यावर निळ्यानं आजची किनाररेषा आणि काळ्यानं आजचा रनवे, २६५० मीटर म्हणजे साडेसव्वीस सेंमी. मॉडेलवर ठेवून बघितलं तर काळी पट्टी मधल्या जुन्या रनवेवरून आणि माझ्या लाल दोऱ्याच्या कितीतरी टोकांवरून जाते. जपानी मृतांपैकी अर्ध्याहून जास्त, ११ हजारांवर लोकांचे अवशेष अजून मिळालेले नाहीत, आणि त्यातले काही या चालू रनवेच्या खाली असतील म्हणून सरकारनं रडार लावून तपासणी केलीय. खणायचं तर विमानं थांबवावी लागतात. लेबलवर हे सगळं दोन ओळींत कसं बसवायचं ते सुचेना, शेवटी तीन ओळी केल्या.

१९ एप्रिल

उकाड्यानं शीट मध्ये झोळ खातेय. चार कोपऱ्यांना पितळी खिळे आणि मधोमध एक काडी, सुरीबाचीच्या टाचणीला लागणार नाही अशी. लेबलं लॅमिनेट होऊन आली, एकात "कुरिबायाशी" चं "कुरियाबाशी" झालंय, ते परत छापायला दिलं. वरून ॲक्रिलिकचं झाकण करायचा विचार होता पण कोटेशन ऐकून विचार गेला, यंदा दोरी बांधून भागवू आणि भाचीला पहाऱ्यावर बसवू. टेम्पो शुक्रवारी सकाळी.